रॉनी हेझलहर्स्ट यांना, शीर्षकसंगीत करणाऱ्यांकडून

आदरणीय रॉनी हेझलहर्स्ट,
सादर नमस्कार.

तुम्हाला जाऊन बरीच वर्षं झाली, पण मराठी मालिकांची शीर्षकसंगीतं करणाऱ्या आम्हा मंडळींवरचं तुमचं ऋण कधीतरी जाहीरपणे मांडायलाच हवं होतं.

तुम्ही १९६१ साली बीबीसीत संगीत संयोजक म्हणून लागलात आणि १९६८ पासून तिथल्या मनोरंजन विभागाचं संगीत सांभाळलंत. एवढे कार्यक्रम हाताखालून जाताना चाल सुचायची वाट बघत बसता येत नाही. ती शोधायची कुठे, हे तुम्ही दाखवलंत: खुद्द कार्यक्रमातच.

‘यस मिनिस्टर’ या मंत्र्यावरच्या विनोदी मालिकेला तुम्ही लंडनच्या संसदेजवळच्या बिग बेनच्या मनोऱ्यातल्या घंटांची सुरावट घेतलीत. तिच्यात स्वर चारच. हार्मोनियमच्या पांढरी तीनला सा धरला तर ग, रे, सा आणि मंद्र पंचम. पाव तासाला ग रे सा प. अर्ध्या तासाला सा ग रे प, सा रे ग सा. एवढ्यानं गोष्ट कुठे घडते ते कळतं.

‘सम मदर्स डू ’अ‍ॅव्ह ’एम’ तर आम्ही नवोदितांना कागदावर मांडून दाखवतो. त्यात पिकोलोवर, म्हणजे उंच स्वरांच्या छोट्या बासरीवर, मालिकेचं नावच मोर्स कोडमध्ये वाजतं. मोर्समध्ये टिंब १ मात्रेचं, रेघ ३ मात्रांची, अक्षरातली फट १ आणि दोन अक्षरांमधली ३. नावातला नुसता पहिला इंग्रजी शब्द ‘सम’ (Some) घ्या: एस ५, ओ ११, एम ७, ई १, अधल्यामधल्या तीन फटींचे ९. एकूण ३३. तीनतालाची दोन आवर्तनं ३२ मात्रांत संपतात आणि ‘ई’चं एकुलतं टिंब नेमकं समेवर येतं! शिवाय पिकोलोची निवड किती शहाणपणाची. त्या काळच्या टीव्हीच्या टीचभर स्पीकरमधून खर्ज गायब व्हायचा, वरचे स्वर तेवढे पोचायचे. आज मोबाईलवर तेच होतं, म्हणून मिक्स झाल्यावर फोनवर ऐकल्याशिवाय आम्ही फाईल पाठवत नाही.

‘आर यू बीइंग सर्व्ड?’मध्ये तुम्ही दुकानातल्या गल्ल्याच्या यंत्राचा ठेका केलात. असा खरा आवाज ठेक्यात घेताना फसगत ठरलेली असते: घंटीला स्वतःचा स्वर असतो, आणि तो पट्टीशी जुळला नाही की सगळी चालच बेसूर वाटते. म्हणून आधी घंटीचा स्वर तपासायचा, मग पट्टी ठरवायची. आवाजाची शेपटीही कापावी लागते, नाहीतर पुढची मात्रा झाकली जाते.

सर्वांत मोठे आभार मात्र ‘लास्ट ऑफ द समर वाइन’साठी. विनोदी मालिका, आणि तिला हार्मोनिकावरचा (माउथ ऑर्गनवरचा) संथ, तीन मात्रांचा वॉल्ट्झ! विनोदी म्हटलं की ऑक्टोपॅडवरचे टुणटुण आवाज मागणारे निर्माते आम्हाला नेहमी भेटतात. त्यांच्याशी वाद घालत नाही. तुमची ही चाल लावतो.

आपले कृतज्ञ,
काही शीर्षकसंगीतकार आणि संयोजक, मुंबई