अंतर नेमके कुठून मोजायचे?

माननीय संपादक,
स. न. वि. वि.

वस्तीजवळच्या दफनभूमीला परवाना द्यावा की नाही, यावरून रहिवासी, अर्जदार आणि प्रशासन यांच्यात चालणाऱ्या न्यायालयीन वादांच्या बातम्या अधूनमधून वाचायला मिळतात. त्यांत दोन्ही बाजूंच्या भावना सविस्तर येतात, पण दफनभूमी राहत्या घरांपासून नियमाने ठरवलेल्या किमान अंतरावर आहे का, हे ठरवणारी आणि निकाल जिच्यावर अवलंबून असतो ती मोजणी एखाद्या वाक्यात उरकली जाते. माझी सारी नोकरी जमीनमोजणीत गेली असल्यामुळे त्या मोजणीविषयीच लिहितो.

एका प्रस्तावित दफनभूमीच्या मोजणीला मी गेलो होतो. पहिली कबर जिथे खोदली जाईल तिथून फीत धरा, असे अर्जदारांचे म्हणणे, तर जागेच्या कुंपणापासून धरा, असे हरकतदारांचे. फितीच्या दुसऱ्या टोकालाही तोच घोळ होता: घराची भिंत धरायची, ओटा धरायचा, की अर्जाची नोटीस लागल्यानंतर घाईने उभी राहिलेली पत्र्याची शेड? नियमात ‘निवासस्थानापासून’ एवढा एकच शब्द होता. एका रीतीने मोजले तर जागा मर्यादेच्या आत पडत होती, दुसऱ्या रीतीने बाहेर. मी दोन्ही अंतरे नकाशावर दाखवली आणि पुढे त्याच नकाशाची प्रत दोन्ही पक्षांच्या वकिलांनी आपापला पुरावा म्हणून दाखल केली.

ही मर्यादा कुठून आली, तेही पाहण्यासारखे आहे. इंग्लंडच्या १८५५ च्या दफनविषयक कायद्यानुसार राहत्या घरापासून १०० यार्डांच्या आत, घराचा मालक, भाडेपट्टेदार व रहिवासी यांच्या लेखी संमतीशिवाय, दफन करता येत नसे. तमिळनाडूच्या १९९९ च्या ग्रामपंचायत नियमांत हे अंतर ९० मीटर आहे. शंभर यार्ड म्हणजे सुमारे ९१ मीटर, त्यामुळे जुनाच आकडा मीटरमध्ये आला असावा, असा माझा तर्क आहे. आकडा आला, पण संमतीने मार्ग काढण्याची मुभा त्याच्याबरोबर सगळीकडे आली नाही.

मुळात धोका असतो तो घराच्या भिंतीला नव्हे, पाण्याला. आज इंग्लंडची पर्यावरण यंत्रणा दफनभूमीसाठी जे निकष लावते त्यांत पिण्याच्या पाण्याच्या विहिरीपासून किंवा कूपनलिकेपासून किमान २५० मीटर, इतर झऱ्यांपासून वा ओढ्यांपासून ३० मीटर आणि कबरीच्या तळाखाली किमान एक मीटर कोरडी माती अशा अटी आहेत. खोदलेल्या खड्ड्यात पाणी साचता कामा नये, हीही एक अट आहे. घट्ट मातीत जे अंतर पुरते ते भेगाळ खडकात पुरेलच असे नाही. उताराच्या वरच्या अंगाला असलेले घर चाळीस मीटरवर असूनही सुरक्षित असू शकते आणि खालच्या अंगाची विहीर दोनशे मीटरवर असूनही नसू शकते. परवान्याच्या फायलीत मात्र अंतराचा दाखला हमखास असतो, आणि भूजल किती खोल आहे याची नोंद मला क्वचितच दिसली.

दुसरा दोष असा की हा नियम एकाच बाजूने चालतो. नवी दफनभूमी घरांपासून लांब हवी, पण जुन्या दफनभूमीच्या कुंपणाला लागून नवी इमारत उभी राहत असेल तर तिच्या बांधकाम परवान्यात त्याचा उल्लेखही नसतो. मग सदनिका घेणारा चार वर्षांनी खिडकी उघडून हरकत नोंदवतो. त्याची भीती खोटी असते असे मी म्हणत नाही, पण न्यायालयात भीतीला पुराव्याचा आधार लागतो. करोनाच्या काळात वांद्र्याच्या दफनभूमीत मृतांना पुरण्यास हरकत घेणारी याचिका मुंबई उच्च न्यायालयाने मे २०२० मध्ये फेटाळली, कारण मृतदेहापासून आसपासच्या वस्तीत संसर्ग पसरतो असे दाखवणारा शास्त्रीय पुरावाच समोर नव्हता.

दफन आणि दफनभूमी हा विषय राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीत राज्यांच्या यादीत आहे, आणि बाराव्या अनुसूचीने तो नागरी स्थानिक संस्थांच्या कामांतही घातला आहे. म्हणजे जागा आधीच ठरवून ठेवण्याची जबाबदारी कोणाची, याविषयी संदिग्धता नाही. ती पार न पाडल्यामुळे वाद उभा राहतो तो मृत्यूनंतर, घरचे लोक दारात उभे असताना. छत्तीसगडमधील एका प्रकरणात मृत्यू ७ जानेवारी २०२५ रोजी झाला आणि सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला २७ जानेवारीला. दफन खासगी शेतात करावे की ठरवून दिलेल्या जागेतच करावे, यावर दोन न्यायमूर्तींचे मतभेद झाले आणि अखेर सुमारे वीस ते पंचवीस किलोमीटर दूरच्या जागेत दफन करण्याचा आदेश निघाला. तोवर वीस दिवस देह शवागारात होता.

माझी सूचना मर्यादित आहे. अंतर कोणत्या बिंदूपासून कोणत्या बिंदूपर्यंत मोजायचे, आणि कोणत्या तारखेची बांधकामे हिशेबात धरायची, हे नियमातच लिहावे. परवान्याआधी पावसाळा संपताना चाचणी-खड्डा घेऊन पाण्याची पातळी नोंदवावी. दफनभूमीलगतच्या बांधकामाचा नकाशा मंजूर करताना तिची हद्द त्यावर दाखवावी आणि ती नोंद विक्रीकरारातही यावी. या तीन नोंदी माझ्या वेळी त्या फायलीत असत्या, तर पत्र्याच्या त्या शेडवरून दोन वर्षे तारखा पडल्या नसत्या.

आपला,
एक निवृत्त भूकरमापक