'दार लावून दे' इक्वेडोरमध्येही म्हणतात

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मराठवाड्याची मराठी उर्दू, तेलुगू, कानडीनं बाटली, असं शाळेच्या स्टाफरूमपासून साहित्याच्या मांडवापर्यंत सहज बोललं जातं. मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ रोजी अभिजात दर्जा मिळाला, तरी हा सूर गेलेला नाही. देगलूर, बिलोली, उदगीर, निलंगा, उमरगा या पट्ट्यातल्या मुलांच्या वह्यांवर त्याचे लाल गोल रोज पडतात. दोन भाषा एका घरात नांदल्या की काय होतं, याचा बारीक अभ्यास ज्या भाषांच्या बाबतीत झाला त्यांत स्पॅनिश पुढे आहे. तिच्याकडे पाहिलं की आपल्या वहीतली चूक कोणती आणि नियम कोणता, हे निवडता येतं. म्हणून हे पत्र.

इक्वेडोरच्या डोंगराळ भागात स्पॅनिश आणि किच्वा, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांची भाषा, शेजारीशेजारी बोलल्या जातात. दार लावायला सांगताना तिथं 'दामे सेर्रान्दो ला पुएर्ता' म्हणतात. शब्दाला शब्द लावला तर 'दे मला, लावत, दार'. माद्रिदच्या माणसाला हे खटकतं. आपल्याला खटकू नये, कारण 'दार लावून दे' हे आपल्या तोंडी रोज असतं. शब्द सगळे स्पॅनिश, पण विनंतीची घडण किच्वाची. पेरू-बोलिव्हियाच्या डोंगरात 'दे मि मामा सु कासा' म्हणतात, म्हणजे 'माझ्या आईचं तिचं घर'; केचुआत, म्हणजे किच्वाच्याच कुळातल्या तिकडच्या भाषेत, मालक आणि वस्तू दोघांनाही खूण लागते, तीच सवय स्पॅनिशमध्ये उतरली. ऐकीव बातमी सांगताना तिथली माणसं वाक्याच्या शेवटी 'दिसे' ठेवतात: 'मान्याना व्येने, दिसे', म्हणजे 'उद्या येतोय म्हणे'. केचुआत ऐकीव गोष्टीला वेगळा प्रत्यय आहे. स्पॅनिशमध्ये तो नव्हता, तर 'म्हणतो' या क्रियापदालाच त्या कामाला जुंपलं. आपलं 'म्हणे' आणि दखनीतलं, म्हणजे दख्खनच्या उर्दू बोलीतलं, 'कते' नेमकं हेच काम करतात.

उसना शब्द लगेच दिसतो, उसनी घडण दिसत नाही. 'उद्या येतो म्हणून सांगितलं' आणि 'सांगितलं की उद्या येतो' ही दोन्ही वाक्यं मराठीच. पण दुसऱ्यातला 'की' फारसीतून आला आणि पहिल्यातलं 'म्हणून'चं बांधकाम तेलुगूच्या 'अनि', कानडीच्या 'एंदु'शी जुळतं. तेही 'म्हणणे' या अर्थाच्या धातूपासूनच झालेत. शुद्धतेच्या नावाखाली गोल करायचा, तर दोन्हींवर करावा लागेल आणि मग वाक्याला वाक्य जोडायला फारसं काही उरणार नाही.

आता वहीतला एक शब्द जवळून पाहू: 'कास्तकारायला'. 'काश्तकार' फारसी. आपल्या जिभेनं त्याचा 'श' 'स' केला. त्याला अनेकवचनाचं 'आय' लागलं, ते आपल्याच बोलीचं. 'पोरायला', 'लोकायचं' मध्ये आहे तेच. शेवटी 'ला', तो सगळ्या मराठीचा. म्हणजे परकं फक्त मूळ, त्याला वागवणारे सगळे नियम घरचे. याला बाटणं म्हणायचं असेल तर स्पॅनिशमधले अरबी मुळाचे काही हजार शब्दही बाटलेलेच ठरतील. त्यातलाच 'असुकार' हा आपल्या 'साखरे'चा लांबचा भाऊ: संस्कृतातली 'शर्करा' फारसी-अरबीच्या वाटेनं तिकडे पोचली. देवाणघेवाण इकडेही आली. कॅरिबियन बेटांवरच्या ताइनो भाषेतला 'बाताता' पोर्तुगीजांबरोबर येऊन आपला 'बटाटा' झाला.

उसनं क्रियापद कोणती भाषा कसं पचवते, हेही पाहण्यासारखं. अमेरिकेतले स्पॅनिश भाषक इंग्रजी 'पार्क'ला आपला प्रत्यय लावून 'पार्केआर' करतात आणि सगळ्या काळांत चालवतात. मराठी तसं करत नाही. ती 'पार्क' तसंच ठेवते आणि 'करणे'ला कामाला लावते: गाडी पार्क केली, फॉर्म सबमिट झाला. पॅराग्वेतल्या मूळ रहिवाशांची भाषा ग्वारानी स्पॅनिश क्रियापदाच्या आधी स्वतःचा उपसर्ग ठेवते. तीन भाषा, तीन रीती, आणि प्रत्येक रीत त्या भाषेच्या आतलीच.

दोन्ही भाषा धड येत नाहीत म्हणून माणूस मिसळून बोलतो, हा समज तर खोडूनच काढला पाहिजे. न्यूयॉर्कच्या ईस्ट हार्लेममधल्या, स्पॅनिश आणि इंग्रजी दोन्ही बोलणाऱ्या प्वेर्तो रिकन लोकांचं बोलणं भाषाशास्त्रज्ञ शाना पॉपलॅक यांनी अभ्यासलं आणि १९८० साली निष्कर्ष मांडले. एकाच वाक्याच्या पोटात भाषा बदलणारे बहुतेक तेच होते ज्यांना दोन्ही भाषा उत्तम येत होत्या. शिवाय बदल कुठेही होत नव्हता. दोन्ही भाषांचा शब्दक्रम जिथं जुळतो तिथंच सांधा पडत होता. आपल्याकडे पडताळून पाहा. 'मी ऑफिसला जातो' सगळे म्हणतात, 'मी टू ऑफिस जातो' कुणीच म्हणत नाही, कारण इंग्रजीत हा संबंध दाखवणारा शब्द नामाच्या आधी येतो आणि आपल्याकडे प्रत्यय नंतर. दखनी आणि मराठीचा क्रम जवळपास एकच, म्हणून छत्रपती संभाजीनगरच्या औरंगपुऱ्यातलं किंवा लातूरच्या गंजगोलाईतलं बोलणं इतकं सहज इकडून तिकडे जातं. दखनीनं आपलं 'नको' घेऊन 'नक्को' केलं, आपला 'च' घेऊन 'मैंच' केलं. सांगली जिल्ह्यातल्या कुपवाडमध्ये तर मराठी, कानडी आणि उर्दूची वाक्यरचना शतकांच्या शेजारानं इतकी जवळ आली की शब्द बदलत गेलं तरी वाक्याचा सांगाडा तोच राहतो. गम्पर्झ आणि विल्सन या भाषा अभ्यासकांनी १९७१ मध्ये ते दाखवून दिलं. असं काम मराठवाड्याच्या सीमेवरच्या गावांत व्हायला हवं.

याचा अर्थ सगळंच बरोबर, असा नाही. शाळेत खऱ्या अडचणी येतात, फक्त त्या आपण शोधतो तिथं नसतात. केचुआत मुळात अ, इ, उ असे तीनच स्वर. म्हणून केचुआ घरातलं मूल स्पॅनिश 'मेसा' (टेबल) म्हणायला जातं आणि 'मिसा' (चर्चमधली प्रार्थना) म्हणून बसतं. पेरूत या उच्चारांची पिढ्यानपिढ्या टिंगल झाली, आणि टिंगलीनं स्वर सुधारत नाहीत, मूल गप्प होतं. आपल्याकडे दखनी घरातल्या मुलाच्या कानाला 'न'पासून 'ण' आणि 'ल'पासून 'ळ' वेगळे लागत नाहीत, कारण घरात 'पानी' आणि 'केला' आहेत. तिथं लिहायला लावण्याआधी कान तयार करावा लागतो. मन–मण, काल–काळ, पाल–पाळ अशा जोड्या घ्याव्यात, रोज पाच मिनिटं, दिवसाला तीनच. शिक्षकानं बोलायचं, मुलानं चित्राकडे बोट दाखवायचं. दहापैकी आठ वेळा बोट बरोबर पडायला लागलं की मगच उच्चार आणि त्यानंतर लेखन. क्रम उलटा केला तर मूल 'ण' सगळीकडे लावत सुटतं आणि 'मणात' लिहितं.

तेलुगू-कानडी घरांतल्या मुलांची अडचण लिंगाची. त्या भाषांत निर्जीव वस्तू पुरुष-स्त्री अशा वाटलेल्या नसतात, त्यामुळे 'माझा पुस्तक' येतं. लिंगांचा तक्ता पाठ करून घेण्याचा उपयोग होत नाही, कारण बोलताना तक्ता आठवायला वेळ नसतो. नाम एकटं शिकवूच नये. 'मोठा तवा, मोठी भाकर, मोठं ताट' असं विशेषणाला बांधून शिकवावं, आठवड्याला आठ-दहा, आणि सगळी मुलाच्या घरातली. किनवटकडच्या कोलामी-गोंडी मुलांसाठी किंवा तांड्यावरच्या गोरबोलीच्या मुलांसाठी यादी वेगळी करावी लागेल, पण रीत हीच.

पॅराग्वेचा अनुभव आपल्या पाठ्यपुस्तकवाल्यांनी जरूर पाहावा. तिथल्या १९९२ च्या राज्यघटनेनं ग्वारानीला स्पॅनिशच्या बरोबरीनं राजभाषा केलं. पण शाळेत आणली ती गाळून घेतलेली ग्वारानी, नव्यानं घडवलेल्या शब्दांची. घरात मुलं बोलत होती 'जोपारा', म्हणजे मिसळ. बाजारात ग्वारानीत घासाघीस करणारी माणसं आकडे स्पॅनिशमध्ये मोजतात. जुन्या ग्वारानीत चारपर्यंतच अंक होते, पुढचे पुस्तकासाठी घडवले गेले. मुलाला घरची म्हणून दिलेली भाषाच परकी वाटली. आपल्याकडेही सरकारी फॉर्मवरची मराठी वाचून दाखवायला गावात माणूस शोधावा लागतो, ते याच कारणानं.

ज्यांना आपल्या गावाची बोली टिपायची आहे त्यांच्यासाठी थोडं. 'तुम्ही असं म्हणता का?' हा प्रश्न विचारू नये, उत्तर हमखास प्रमाण मराठीत येतं. परवानगी घेऊन फोनवर रेकॉर्डिंग लावून तो दोन हातांच्या अंतरात ठेवावा, पंखा बंद करावा आणि दोन माणसांना आपसात वीस मिनिटं बोलू द्यावं. त्यातली मधली पाच मिनिटं लिहून काढावीत. एवढ्याला तास-दीड तास लागतो. वहीत चार रकाने करावेत: वाक्य जसंच्या तसं, मूळ शब्द कुठला, प्रत्यय कुठला, कोण कुणाशी बोलतंय. चौथा रकाना बहुतेक जण गाळतात आणि तिथंच फसतात, कारण तोच माणूस मोंढ्यात, घरात आणि तहसीलमध्ये तीन तऱ्हेनं बोलतो. दुसरी चूक म्हणजे लिहिताना हात आपोआप सुधारतो, 'करूलालाव'चं 'करतो आहे' होऊन जातं. म्हणून लिहिलेलं परत ऐकून दुसऱ्या माणसाकडून ताडून घ्यावं.

हे नुसतं हौसेचं काम नाही. निजामी राजवटीत इथल्या दफ्तराची भाषा उर्दू होती. २०२३ मध्ये कुणबी नोंदी शोधताना खासरा पत्रकं, पाहणी पत्रकं उघडली तेव्हा उर्दू आणि मोडी वाचणारी माणसं हुडकावी लागली. ज्या उर्दूला आपण बाटवणारी म्हणत आलो, तिच्यातच आपल्या आजोबांच्या जमिनीची नोंद आहे. प्रत्येक जिल्ह्यात वर्षाला निदान पंधरा-वीस तलाठी आणि शिक्षक जुनी उर्दू दफ्तरं वाचायला शिकतील, अशी सोय व्हावी. आणि आपल्या दैनिकाच्या जिल्हा पुरवणीत आठवड्याला दहा बोलीवाक्यं, तालुक्याच्या नावासह, एकही अक्षर न सुधारता छापावीत, ही विनंती. सुरुवात देगलूर आणि उमरग्यापासून करता येईल.

आपला,
एक भाषाशिक्षक, उदगीर (जि. लातूर)