कर्ज फिटत नाही, मग समुपदेशन कशाला?

संपादक महोदय,

‘समुपदेशनाने काय शेतकऱ्याचं कर्ज फिटणार आहे?’ असं विचारणारं एका वाचकाचं पत्र आपल्या याच सदरात वाचलं. नाही फिटणार. मराठवाड्यातल्या एका सरकारी रुग्णालयात मी समुपदेशक आहे. बँकेची नोटीस, सावकाराची चिठ्ठी आणि चुरगळलेला सातबारा घेऊन आलेली माणसं माझ्यासमोर बसतात, आणि सोयाबीनचा भाव काही माझ्या हातात नाही. पण ‘धीर धरा, चांगले दिवस येतील, असं सांगायला नेमलेली पगारी माणसं’ हे पत्रलेखकाने आमचं केलेलं वर्णन मात्र सोडून देता येत नाही. हे वाक्य आम्ही उच्चारतच नाही. ते सांगायला घरात सासरे, मेव्हणे, सरपंच असे सगळे असतात.

फवारणीचं औषध पिऊन आत्महत्येचा प्रयत्न केलेला माणूस आला की पहिले काही दिवस डॉक्टर आणि सिस्टर यांचे. तो शुद्धीवर येऊन बोलू लागला की मला बोलावणं येतं. केसपेपर बघावा तर नातेवाइकांनी सांगितलेलं असतं, ‘अंधारात पाण्याची बाटली समजून चुकून प्यायले.’ पोलीस केस होईल ही धास्ती. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ चं कलम ११५ सांगतं की असा प्रयत्न करणारा माणूस तीव्र तणावाखाली होता असं गृहीत धरायचं, त्याला शिक्षा करायची नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत तर आत्महत्येचा प्रयत्न हा गुन्हा ठरवणारं जुनं ३०९ कलम राहिलेलंच नाही. (सरकारी अधिकाऱ्यावर दबाव आणण्यासाठी केलेला प्रयत्न तेवढा गुन्हा आहे.) हे घरच्यांना समजावण्यात पहिला अर्धा तास जातो. तो जाऊ द्यावा लागतो, कारण ‘चुकून’ हा शब्द मागे घेतल्याशिवाय पुढचं बोलणंच होत नाही.

मग नातेवाइकांना चहाला पाठवते आणि सरळ विचारते, “मरून जावं असं अजून वाटतंय का? आज, आत्ता?” आडवळण नाही. एकदा एका आईने दारातूनच मला झापलं, “बाई, विसरत आलाय तर पुन्हा कशाला डोक्यात भरवता?” विचारल्याने विचार डोक्यात भरत नाही, हे अभ्यासांतून पुरेसं स्पष्ट झालं आहे. रुग्ण बहुतेक वेळा आधी आईकडे बघतो, मग भिंतीकडे, आणि बोलायला लागतो. कधीपासून वाटतंय, काही ठरवलं होतं का, दारू किती, झोप किती, हे सगळं विचारते. आधीच सांगून ठेवते की इथलं बाहेर जाणार नाही, पण तुमच्या जिवाला धोका वाटला तर मी गप्प बसणार नाही. नैराश्य किंवा व्यसन दिसलं तर मानसोपचारतज्ज्ञांची औषधं सुरू होतात. नुसत्या बोलण्यावर सोडत नाही.

शपथ मात्र घेत नाही. ‘मुलीच्या डोक्यावर हात ठेवून सांग, पुन्हा करणार नाही’ हा घरच्यांचा आवडता उपाय. त्याने घरच्यांना झोप लागते, आणि रुग्ण पुढच्या वेळी सांगायचं बंद करतो. त्याऐवजी आम्ही दोघं मिळून एक कागद लिहितो, त्याच्याच शब्दांत. एका तरुण शेतकऱ्याचा कागद सांगते. ओळख पटू नये इतपत तपशील बदलले आहेत. ‘वाईट वेळ येतेय हे कसं कळतं?’ याखाली त्याने लिहिलं: फोन बंद करतो, जेवताना उठून जातो, विहिरीकडे जाऊन बसतो. ‘तेव्हा काय केलं की जरा उतरतं?’ खूप वेळ काही नाही. मग म्हणाला, म्हैस धुतली की. लिहिलं. त्याखाली मामेभावाचा नंबर, टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ आणि रुग्णालयाचा. शेवटची ओळ सगळ्यात महत्त्वाची: फवारणीचा डबा कुठे ठेवायचा? दोन खोल्यांच्या घरात तो खाटेखालीच होता. तो चुलत्याच्या घरी, कुलपात, किल्ली चुलतीकडे, असं त्याच्या बायकोसमोर ठरलं.

हे फार साधं वाटेल. पण मरण्याची ती तीव्र ऊर्मी अनेकदा काही मिनिटांची, काही तासांची असते. तेवढ्या वेळात डबा हाताशी नसणं आणि मामेभाऊ फोन उचलणं, यावर जीव वाचतो. कर्ज दुसऱ्या दिवशीही असतंच. त्यासाठी तहसील, बँक, कृषी सहायक यांच्याकडे आम्ही माणूस जोडून देतो. कधी उपयोग होतो, कधी नाही. तामिळनाडूत मानसोपचारतज्ज्ञ डॉ. लक्ष्मी विजयकुमार यांच्या गटाने गावात कीटकनाशकांसाठी कुलूपबंद सामायिक कोठार करून पाहिलं. आपल्याकडे कृषी विभागाने ते मनावर का घेऊ नये, हे मला समजलेलं नाही.

आता माझी खरी तक्रार. डिस्चार्जनंतरचे पहिले आठवडे सर्वांत धोक्याचे. आणि नेमके तेच आमच्या हातून निसटतात. डिस्चार्ज कार्डावर ‘सात दिवसांनी मानसोपचार ओपीडी’ असं लिहिलेलं असतं. गाव तालुक्यापासून आत, दिवसाला एक एसटी, वर एका दिवसाची मजुरी बुडणार. येत नाहीत. जागतिक आरोग्य संघटनेने चेन्नईसह पाच देशांतल्या पाच ठिकाणी, प्रयत्नातून वाचलेल्या १,८६७ जणांवर एक अभ्यास केला. तो २००८ मध्ये प्रसिद्ध झाला. निम्म्यांना नेहमीचे उपचार. उरलेल्यांना त्याशिवाय सुमारे तासाभराचं बोलणं आणि पुढच्या १८ महिन्यांत फोन किंवा भेटीने नऊ वेळा विचारपूस. पहिल्या गटात आत्महत्येने झालेले मृत्यू शेकडा २.२, दुसऱ्यात ०.२. तासाभराचं बोलणं आणि नऊ वेळा ‘कसं चाललंय?’ एवढाच काय तो फरक.

२०२२ या एका वर्षात राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाने महाराष्ट्रात २२,७४६ आत्महत्या नोंदवल्या, देशात सर्वाधिक. त्याच ११५ व्या कलमात असंही म्हटलं आहे की प्रयत्न केलेल्या माणसाची काळजी, उपचार आणि पुनर्वसन करून पुन्हा तसं घडण्याचा धोका कमी करणं हे सरकारचं कर्तव्य आहे. म्हणजे तो फोन ही समुपदेशकाची मेहेरबानी नाही. पण तो फोन करायला आमच्या विभागाला मोबाईल नाही. मी स्वतःच्या नंबरवरून करते. रजेवर असले की कुणीच करत नाही, आणि मला सोडून दुसरीकडे जावं लागलं तर ते सगळे नंबर माझ्याबरोबर जातील. प्रत्येक रुग्णालयाला यासाठी एक फोन, एक नोंदवही आणि नोंदवहीवर ज्याची सही असेल असा एक माणूस नेमून द्यावा. डिस्चार्ज कार्डावर पहिल्या फोनची तारीख लिहावी आणि गावच्या आशाताईला ती रुग्णाच्या संमतीने कळवावी. यासाठी नवी योजना, नवं नाव, उद्घाटन काही लागत नाही.

पत्र छापल्यास माझं व रुग्णालयाचं नाव गाळावं. आमची नेमणूक अकरा महिन्यांच्या करारावर असते आणि नूतनीकरण तोंडावर आहे.

— एक समुपदेशक, मराठवाडा