काळे पट्टे मॉनिटरचे नव्हेत, गेमचे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या पुरवणीत अल्ट्रावाइड, म्हणजे नेहमीपेक्षा बऱ्याच रुंद मॉनिटरवर आलेला लेख वाचला. किंमत, इंच, वक्र पडदा, रिफ्रेश रेट, सगळं त्यात आहे. गेम खेळायला हा पडदा उत्तम, असंही ठासून लिहिलं आहे. एक गोष्ट तेवढी राहिली, आणि नेमकी तीच घेऊन माणसं माझ्या दुकानात येतात. आपण घेतलेला गेम त्या पडद्यावर पुरता भरतो का?

वरुडला माझं संगणकाचं दुकान आहे. सकाळी एमएस-सीआयटीचे वर्ग, दुपारी लोकांचे ऑनलाइन फॉर्म, आणि मधल्या वेळात दुरुस्ती. वरुडमध्ये अल्ट्रावाइड कोण घेतं, असं शहरातल्या वाचकांना वाटेल. घेतात हो. पुण्याच्या कंपनीचं काम घरी बसून करणारी पोरं आता इकडे आहेत. एक्सेलच्या दोन फायली शेजारी-शेजारी उघडायला त्यांना हा पडदा बरा पडतो, आणि काम संपलं की त्याच पडद्यावर गेम सुरू. संत्र्याच्या आंबिया बहराचा सौदा चांगला झाला असेल तर बापही हात आखडता घेत नाही.

यंदा दिवाळीनंतर असेच एक संत्रा बागायतदार काका गोधडीत गुंडाळलेला मॉनिटर घेऊन आले. "ताई, मानिटर दोन्ही बाजूनं काळा पडून रायला. जिथून घेतला तो दुकानदार म्हणते, तुमच्या लाइनच्या व्होल्टेजनं गेला." व्होल्टेजनं आमच्याकडे पुष्कळ काही जातं. मोटर जाते, फ्रीज जातो, पंख्याचा कंडेन्सर तर दर उन्हाळ्यात जातो. पण दोन्हीकडे फुटपट्टीनं आखल्यासारखे सारखेच पट्टे पाडणारं व्होल्टेज मी अजून पाहिलेलं नाही. मॉनिटर जोडला तर डेस्कटॉप या टोकापासून त्या टोकापर्यंत स्वच्छ. मुलानं गेम उघडला आणि पट्टे आले. गेम बंद, पट्टे गायब. काकांना तेवढ्यानं पटलं. मुलाला पटायला वेळ लागला, कारण पैसे मागून त्यानंच आणवला होता.

हिशेब अगदी साधा आहे. नेहमीच्या फुल एचडी मॉनिटरवर आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात, म्हणजे १६:९ चं प्रमाण. अल्ट्रावाइडवर उभे तेवढेच १०८०, पण आडवे २५६०. गेम १६:९ पुरताच बनवला असेल तर तो मधले १९२० वापरतो आणि ६४० उरतात. डावीकडे ३२०, उजवीकडे ३२०. हेच ते पट्टे. ३४४० बाय १४४० चा महागडा पडदा घेतला तर पट्टाही महागतो, एका बाजूला ४४० ठिपके. खोक्यावर २१:९ छापलेलं असतं तेही ढोबळच. २५६० ला १०८० नं भागा, २.३७ येतं. ३४४० ला १४४० नं भागा, २.३९ येतं. २१ ला ९ नं भागलं तर २.३३.

पट्टे दिसले तर मी म्हणते गेम निदान प्रामाणिक आहे. काही गेम पडदा भरतात, पण चित्राचा वरचा-खालचा भाग कापून. पोरं त्याला 'व्हर्ट मायनस' म्हणतात. १६:९ वर आडवं ९० अंश दिसत असेल तर उभं साधारण ५९ अंश दिसतं. रुंद पडद्यावर या गेमनं आडवे ९० तसेच ठेवले की उभे ४६ च उरतात. म्हणजे जास्त पैसे मोजून कमी बघायचं. नीट बनवलेला गेम उलटं करतो. उंची तीच ठेवतो आणि बाजूचं जास्त दाखवतो, तेच ९० अंश १०६ होतात. याला 'हॉर प्लस' म्हणतात, आणि अल्ट्रावाइड घ्यायचा तो यासाठीच. २०१५ ला पीसीवर आलेला जीटीए फाइव्ह हा पडदा व्यवस्थित भरतो. २०२२ चा एल्डन रिंग, एवढा नावाजलेला गेम, पण तो मात्र १६:९ वर अडलेला. नवा गेम म्हणजे रुंद पडद्याला चालणारच, असं धरून चालू नये ते यासाठी.

जुन्या गेमची तर वेगळीच तऱ्हा. क्रिकेट ०७ आला २००६ साली. तेव्हा घराघरात चौकोनी ४:३ चे मॉनिटर होते. आमच्याकडे तो अजून खेळला जातो, बऱ्या-वाईट सगळ्या संगणकांवर चालतो म्हणून. अल्ट्रावाइडवर तो ताणला गेला की बॉलर सालबर्डीच्या जत्रेतल्या आरशात उभा असल्यासारखा दिसतो आणि चेंडू आडवा लांबट होतो. इथं पट्टे आले तर बरंच, असं मी सांगते. ग्राफिक्स कार्डच्या सेटिंगमध्ये स्केलिंगचा, म्हणजे चित्र पडद्यावर कसं बसवायचं याचा, पर्याय असतो. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनलमध्ये 'फुल-स्क्रीन' ऐवजी 'अ‍ॅस्पेक्ट रेशो' निवडायचं, एएमडीमध्ये 'प्रिझर्व्ह अ‍ॅस्पेक्ट रेशो'. चित्र मधोमध, आपल्या मूळ प्रमाणात येतं. पोरांना हे पटत नाही. पडदा भरला पाहिजे, मग बॉलर कसाही दिसो.

आता उपाय. आधी गेमच्या सेटिंगमध्ये रिझोल्यूशन, म्हणजे ठिपक्यांचं माप, बघायचं. पुष्कळदा ते जुन्या मॉनिटरचं १९२० बाय १०८० च राहिलेलं असतं, बदललं की काम झालं. यादीत २५६० दिसतच नसेल तर विंडोजचं रिझोल्यूशन बरोबर ठेवून गेम 'बॉर्डरलेस विंडो'मध्ये, म्हणजे बिनचौकटीच्या खिडकीत, चालवून बघायचा. दृश्य फार जवळ आल्यासारखं वाटत असेल तर 'फील्ड ऑफ व्ह्यू'ची, म्हणजे किती रुंद दिसावं याची, पट्टी थोडी सरकवायची. एवढ्यात नाही जमलं तर मग पीसीगेमिंगविकी. २०१२ पासून चालू असलेल्या या साइटवर बहुतेक गेमचं पान आहे, आणि त्यात 'अल्ट्रा-वाइडस्क्रीन' अशी वेगळी ओळच असते. खूण हिरवी की लाल, ते बघायला मोबाइलवर मिनिट लागत नाही. मॉनिटर घेण्याआधी बघितलं तर आणखी चांगलं. 'फ्लॉलेस वाइडस्क्रीन' नावाचा एक फुकट प्रोग्रामही आहे, पुष्कळ गेमचे उपाय त्यात तयार मिळतात. जीटीए व्हाइस सिटीसारख्या जुन्या गेमसाठी हौशी लोकांनी केलेल्या फिक्सच्या फाइल्स गेमच्या फोल्डरमध्ये टाकायच्या असतात. इथं एक बरं आहे. अख्खा गेम उतरवायला आमच्याकडे रात्रीमागून रात्री जातात, मधेच लाइन जाते ती वेगळीच. ही फाइल मात्र व्हॉट्सअ‍ॅपवरच्या सुप्रभातच्या व्हिडिओपेक्षाही लहान असते.

सगळ्यात शेवटचा उपाय मला स्वतःला फार आवडतो. काही गेमच्या मुख्य फाइलमध्ये १६ भागिले ९, म्हणजे १.७७७८ हा आकडा लिहूनच ठेवलेला असतो. यंत्राच्या भाषेत तो चार बाइटचा होतो: ३९ ८ई ई३ ३एफ. फाइलमधले बाइट दाखवणाऱ्या हेक्स एडिटरमध्ये फाइल उघडायची, हे चार बाइट शोधायचे आणि त्यांच्या जागी २६ बी४ १७ ४० लिहायचं. हा २५६० बाय १०८० चा आकडा. पडदा ३४४० चा असेल तर ८ई ई३ १८ ४०. सेव्ह केलं, गेम उघडला, आणि नशीब असेल तर पट्टे गेले. हा आकडा फाइलमध्ये एकापेक्षा जास्त ठिकाणी सापडला तर एकेक बदलून बघायचं, सगळे एकदम नाही. मूळ फाइलची प्रत आधी बाजूला ठेवायची, हे सांगायला नको, तरी सांगते. गेमचं अपडेट आलं की ती फाइल नवी येते आणि आपली मेहनत पाण्यात, तेव्हा हे आकडे वहीत लिहून ठेवलेले बरे. माझ्या वर्गात बारावीची पोरं हेक्स, म्हणजे सोळावर आधारलेली मोजणी, म्हटलं की जांभया देतात. यासाठी मात्र तीच पोरं सोळाचे पाढे विचारत बसतात.

काकांच्या मुलाचा गेम या शेवटच्या उपायानं भरला. भरला म्हणजे नव्व्याण्णव टक्के. मधेमधे येणारे व्हिडिओ आधीच १६:९ मध्ये तयार करून ठेवलेले असल्यानं तेवढ्यापुरते पट्टे परत येतात. बाजूचं चित्र मुळात नाहीच, तर आणायचं कुठून? नकाशा आणि लाइफची पट्टी पार कोपऱ्यात गेली, त्यासाठी मान वळवावी लागते, ते वेगळं. गेमही थोडा जड झाला. फुल एचडीपेक्षा एक तृतीयांश ठिपके जास्त काढायचे म्हटल्यावर जुनं ग्राफिक्स कार्ड धापा टाकणारच. हा खर्चही आपल्या लेखात नव्हता.

एक मात्र वाचकांनी पक्कं ध्यानात ठेवावं. हे सगळे उद्योग एकट्यानं खेळायच्या गेमपुरते. ऑनलाइन गेममध्ये अँटी-चीट, म्हणजे लबाडी पकडणारा प्रोग्राम, असतं. तुम्ही पडदा रुंद करायला फाइल बदलली की चोरी करायला, हे ते विचारत बसत नाही, खातं सरळ बंद होऊ शकतं. एल्डन रिंगचे फिक्ससुद्धा अँटी-चीट बंद ठेवून, ऑफलाइनच चालवावे लागतात. व्हॅलोरंटमध्ये तर पट्टे मुद्दाम ठेवलेले आहेत. स्पर्धेत रुंद पडदावाल्याला बाजूचा शत्रू आधी दिसू नये म्हणून. मला ते रास्त वाटतं. पैसेवाल्याच्या पोराला जास्त का दिसावं?

गेम करणाऱ्या कंपन्यांबद्दल मात्र मला तेवढा कळवळा नाही. घरी बसलेला एखादा हौशी माणूस जे चार बाइटमध्ये करून दाखवतो, ते कंपनीनं सेटिंगमध्ये का देऊ नये?

आपल्याला विनंती एवढीच, की मॉनिटरचं परीक्षण छापाल तेव्हा कोणत्या गेमवर तपासला आणि तो पडद्यावर कसा बसला, याची एक ओळ असू द्या. दुकानदारांनीही शोरूममध्ये नुसता डेमो व्हिडिओ लावून ठेवू नये. तो त्याच मापात बनवलेला असतो, भरणारच. गिऱ्हाईक विचारेल तो गेम लावून दाखवा, आणि नाही भरत तर नाही म्हणा. त्यासाठी आमच्या व्होल्टेजला बदनाम करायचं कारण नाही.

जाता जाता लेखकमहाशयांना एक प्रश्न. माझं एक गिऱ्हाईक आता ३२:९ चा पडदा घ्यायचा म्हणतं, ५१२० बाय १४४० चा. त्यावर १६:९ चा गेम बरोबर अर्धा पडदा व्यापेल आणि अर्धा काळा राहील, हे मी त्याला कागदावर मांडून दाखवलं. तो म्हणतो, "ताई, पेपरात तर चांगला लिवला आहे." उत्तर जरा लवकर छापावं. पुढच्या आठवड्यात त्याच्या बगीच्याचा सौदा आहे.

आपली,
संगणक दुरुस्ती करणारी एक वाचक
वरुड, जि. अमरावती