अनिमिषाने प्रश्न विचारला तर

चि. चिऊस अनेक आशीर्वाद,

गोष्ट वाचली. काळाच्या रांगेत न चालणारे, काल-आज-उद्या एकदमच जाणणारे तुझे अनिमिष पहिल्या दोन पानांत छान उभे राहतात. तिसऱ्या पानावर त्यांच्यातला एक तुझ्या नायकाला, रघूला विचारतो, "मग काय झालं?" आणि तिथे सगळा डोलारा कोसळतो. ज्याच्या हाताला हा मंगळवार आणि पुढचा मंगळवार सारखाच लागतो, तो 'मग' कशाला विचारेल? तो शब्द खोडून भागणार नाही. अनिमिषांना काय काय कळतं याची तू दोन पानं लिहिलीस, पण काय कळत नाही ते ठरवलंच नाहीस. सगळंच जाणणाऱ्या पात्राला गोष्टीत काही काम उरत नाही. म्हणून त्यांचं अज्ञान काढून टाकू नकोस, त्याची जागा बदल. आपल्याला उद्याचं कळत नाही; त्यांना टेकडीपलीकडचं कळू नये.

आधी मापं ठरव. गणितज्ञ मिन्कोव्स्कीने १९०८ मध्ये कोलोनच्या व्याख्यानात अवकाश आणि काळ एकाच चौकटीत मांडले. त्या चौकटीत सेकंदाचं अंतर करायचं तर प्रकाशाच्या वेगाने गुणायचं, म्हणजे एक सेकंद सुमारे ३ लाख किलोमीटरचा. या हिशेबाने ७० वर्षं जगलेला माणूस पावणेदोन मीटर उंच आणि ७० प्रकाशवर्षं लांब असतो. आपल्याला त्या लांबीचा एका वेळी एकच काप जाणवतो, अनिमिषाला अख्खी लांबी. तू त्यांना 'अनादि-अनंत' केलं आहेस, ते काढ. ४०० वर्षं लांबी दे, दोन्ही टोकं दे, आणि जाणिवेचा घेर अंगापासून ३ मीटर ठेव. पहिल्या गोष्टीत तरी त्याला एका वडाखाली बसता ठेव. फिरता केलास तर कुठल्या वर्षी तो कुठे होता याचा वेगळा तक्ता ठेवावा लागेल आणि तू त्यातच अडकशील.

एवढं केलंस की रघूला काम मिळतं, कारण तो नदीपलीकडून येतो. पण इथे नीट विचार कर. रघूने गावाचं नाव एकदा सांगितलं, की ते अनिमिषाला त्याच्या पूर्ण लांबीभर माहीत असतं, रघूच्या पणजोबांच्या काळातसुद्धा. म्हणजे ज्या प्रश्नाचं उत्तर त्याला कधी ना कधी मिळणार आहे, तो प्रश्न त्याला पडतच नाही. त्याला पडणारे प्रश्न फक्त कधीच उत्तर न मिळणारे. हे कळल्यावर रघूचं काय होईल बघ: अनिमिषाने विचारलं, "तुझी बहीण कुठे आहे?", तर रघूला तिथल्या तिथे समजतं की हे आपण या वडाखाली कधीच सांगणार नाही, आणि दुसरंही कोणी सांगणार नाही. मला तुझ्या गोष्टीचा गाभा इथे दिसतो, सातव्या पानावरच्या भूकंपात नाही. संपूर्ण गोष्टीत अनिमिषाला एकच प्रश्न विचारू दे.

भूकंपाचा इशारा तर चालणारच नाही. अनिमिष उद्याबद्दल जे बोलतो, ते बोलणंही उद्याच्या कारणांपैकी एक असतं. म्हणून त्याच्या प्रत्येक वाक्याला एक चाचणी लाव: हे ऐकून रघू ती घटना टाळू शकेल का? शकत असेल तर वाक्य काढ, किंवा रघूला ते चुकीचं समजू दे, किंवा त्या ऐकण्यामुळेच ती घटना घडू दे. भौतिकशास्त्रज्ञांनी हा खेळ बिलियर्डच्या चेंडूवर करून पाहिला आहे. चेंडू कृमिविवरातून (वर्महोल, म्हणजे अवकाश-काळातला कल्पित बोगदा) भूतकाळात येतो आणि स्वतःलाच धडकतो. एचेव्हेरिया, क्लिंकहॅमर आणि थॉर्न यांना १९९१ मध्ये आढळलं की अशा वेळी विसंगती न येणारे मार्ग निघतात, आणि ते एक-दोन नव्हे, बरेच. कुठला निवडायचा ते भौतिकशास्त्र सांगत नाही. गोष्टीत ते तू ठरवायचं.

उद्याची खबर येते कशी, हे एका परिच्छेदात उरक. व्हीलर आणि फाइनमन या भौतिकशास्त्रज्ञांनी १९४५ मध्ये मांडलेल्या सिद्धांतात प्रत्येक विद्युतभार निम्मी लहर भविष्याकडे आणि निम्मी भूतकाळाकडे पाठवतो. सभोवतालचं सगळं द्रव्य ती पूर्ण शोषून घेत असेल, तर भूतकाळाकडची लहर परिणामात उरत नाही. शोषण पुरेसं होतं की नाही हे विश्वाच्या भविष्यावर अवलंबून, आणि त्यावर १९६० च्या दशकात हॉईल आणि आपले जयंत नारळीकर यांनी काम केलं. तुझ्यासाठी एवढं बस: अनिमिष जी लहर ऐकतात ती कुठेच पूर्ण शोषली जात नाही. ही कल्पना आहे हे माहीत असू दे, पण तिची समर्थनं देत बसू नकोस.

"विश्वाचं सगळं आत्ता त्यांना दिसतं" हे वाक्यही खोड. विश्वाला सामाईक 'आत्ता' नाही. देवयानी (अँड्रोमेडा) दीर्घिका सुमारे २५ लाख प्रकाशवर्षांवर आहे. कट्ट्यावर बसलेला माणूस आणि तिच्या दिशेने ताशी ५ किलोमीटरने चालणारा माणूस यांच्या तिथल्या 'आत्ता'मध्ये चार दिवसांचा फरक पडतो.

जेवणाचा प्रसंग ठेव, मला आवडला, पण दुरुस्त कर. भाकरी पचली की उष्णता बाहेर पडते, आणि ती उलटी भाकरीत शिरत नाही. म्हणजे पोटाला आधी-नंतर आहेच. तर शरीराला काळाचा बाण, म्हणजे एकच दिशा, असू दे, जाणिवेला नको. अनिमिष भुकेला आणि तृप्त दोन्ही असतो, लांबीवर वेगवेगळ्या ठिकाणी. विसरणं मात्र त्याला नाही. भौतिकशास्त्रज्ञ लँडाउअरने १९६१ मध्ये दाखवलं की माहिती पुसायला किमान उष्णता खर्चावीच लागते, खोलीच्या तापमानाला दर बिटमागे (बिट म्हणजे माहितीचं सर्वांत लहान एकक) सुमारे ३ × १०⁻²¹ ज्यूल. अनिमिष काही पुसत नाही, म्हणून तो खर्चही नाही. त्याचं कपाळ गार असतं एवढं लिही, कारण लिहू नकोस.

आता भाषा. 'मग', 'नंतर', 'तोवर', 'अजून' तू शोधून काढशील. चोरपावलांनी येतं ते 'ऊन': जाऊन, काढून, बघून. "विहिरीवर जाऊन, पाणी काढून ती घरी आली" यात तीन क्रियांचा क्रम ठोकून बसवलेला आहे. अनिमिष म्हणेल, "ती विहिरीशी. ती घराशी. पाणी दोन्हीकडे, विहिरीशी जास्त." क्रम वेळेने नाही, जागेने. 'तर' आणि 'म्हणून' एकदम बंद करू नकोस, नाहीतर वाचक कंटाळेल. अनिमिषाचं बोलणं पंधरा पानांत दोन पानांपेक्षा जास्त नको, आणि ते ऋषीसारखं गंभीर तर मुळीच नको. ज्याला शेवट माहीत असतो तो गूढ बोलत नाही, उलट सहज बोलतो. आशा आणि पश्चात्ताप त्याला नाहीत, आवडनिवड आहे: लांबीचा एखादा भाग त्याला फार प्रिय असेल, एखादा नकोसा.

पुन्हा लिहायच्या आधी वीसेक घटनांच्या चिठ्ठ्या कर. प्रत्येकीवर तीनच गोष्टी: रघूच्या क्रमाने आकडा, वडापासून अंतर, आणि ती वडाखाली कोणी कधी बोललं का. ३ मीटरबाहेरची आणि कधीच न बोललेली चिठ्ठी लाल कर. अनिमिषाच्या तोंडी लाल चिठ्ठीतलं काही आलं की वाक्य चुकलं. लाल चिठ्ठ्या पाचांपेक्षा कमी निघाल्या तर घेर आणखी कमी कर, दीड मीटर चालेल.

सध्या पानं नकोत, फक्त चिठ्ठ्यांचे फोटो पाठव. बहिणीची चिठ्ठी लाल आहे की नाही ते मी पहिल्यांदा बघेन.

तुझा,
बाबा