आयआरबीच्या जवानांनाही दाद मागता यावी

संपादक महोदय,

गोव्यात शिगमो असो, इफ्फी असो वा निवडणूक, आयआरबीचे (इंडिया रिझर्व्ह बटालियन, पोलिसांचे सशस्त्र राखीव दल) जवान बंदोबस्ताला असतातच. हाती बंदूक, शिस्त लष्कराची; पण ड्युटीचे तास, साप्ताहिक सुटी, बढती यांविषयी एकत्र येऊन बोलायची सोय नाही. राज्यघटनेचे कलम ३३ संसदेला पोलिसांचे मूलभूत हक्क मर्यादित करू देते. त्याच आधारे १९६६चा पोलीस दल (हक्कांवर निर्बंध) कायदा झाला. परवानगीशिवाय कामगार संघटनेत जाणे किंवा वृत्तपत्राशी बोलणे हा गुन्हा. शिक्षा २ वर्षांपर्यंत कैद.

संप नकोच, हे मलाही मान्य. शस्त्रधारी दलाने काम थांबवले तर भोगेल तो सामान्य माणूस. पण सरकारने मान्यता दिलेल्या संघटनेला हा कायदा आड येत नाही, आणि केरळमध्ये पोलिसांची अशी संघटना वर्षानुवर्षे चालू आहे. मग गोव्यात का नको? चवथीला सगळा गाव घरी परततो, तेव्हा आमच्या वाड्यावरचे पोलीस कुठल्यातरी नाक्यावर उभे असतात. त्याबदल्यात रजा मागायलाही त्यांनी घाबरावे, हे मला सहन होत नाही. आमदारांनी येत्या अधिवेशनात हा प्रश्न विचारावा.

– एक वाचक, डिचोली