सही होती, पण संमती नव्हती

संपादक महोदय,

प्रौढांसाठीच्या चित्रफितींच्या धंद्यात फसवणुकीची तक्रार झाली की पहिला प्रश्न ठरलेला असतो : 'तिनं सही केली होती ना?' अमेरिकेत सॅन दिएगोला चाललेल्या 'गर्ल्स डू पॉर्न' या संकेतस्थळाच्या प्रकरणात बचावाची भिस्त यावरच होती. करारनामे होते, ओळखपत्रं होती. तरीही जानेवारी २०२० मध्ये न्यायाधीश केव्हिन एनराइट यांनी २२ तरुणींना १ कोटी २७ लाख ७५ हजार डॉलरची भरपाई मंजूर केली.

कारण खोटं सहीच्या आधीच बोललं गेलं होतं. क्रेगलिस्ट या छोट्या जाहिरातींच्या संकेतस्थळावर जाहिरात साध्या, कपड्यांतल्या मॉडेलिंगची. अर्ज आला की खरं काम सांगायचं आणि लगेच हमी द्यायची की चित्रफीत इंटरनेटवर येणारच नाही, परदेशातल्या खासगी ग्राहकांना डीव्हीडीवर जाईल. तरी शंका राहिलीच तर 'आधी काम केलेल्या' मुलीशी बोलणं करून देत. ती पैसे घेऊन खोटी ग्वाही देई. मग विमानाचं तिकीट, हॉटेल आणि ऐन चित्रीकरणाच्या तोंडावर सह्यांची घाई. कागदांवर संकेतस्थळाचं नाव नाही, भलत्याच कंपन्यांची नावं. माघार घेऊ पाहणारीला खटल्याची धमकी. ज्याचा व्यवहार सरळ आहे, तो आपल्या दुकानाचं नाव कशाला लपवील?

फौजदारी बाजूही हेच सांगते. तिथल्या लैंगिक तस्करीच्या कायद्यात बळजबरीइतकंच वजन फसवणुकीला आहे. मुलींना गळाला लावणाऱ्या रूबेन गार्सियाला २० वर्षांची कैद झाली. मुख्य सूत्रधार मायकेल प्रॅट दिवाणी खटला चालू असताना पळाला, डिसेंबर २०२२ मध्ये स्पेनमध्ये सापडला आणि सप्टेंबर २०२५ मध्ये २७ वर्षांसाठी आत गेला.

चित्रफिती दाखवून कमावणारे मात्र स्वस्तात सुटले. दिवाणी दावा २०१६ पासून चालू होता. पॉर्नहब या प्रौढ चित्रफितींच्या संकेतस्थळाने 'गर्ल्स डू पॉर्न'ची वाहिनी हटवली ती ऑक्टोबर २०१९ मध्ये, फौजदारी आरोप ठेवले गेल्यावर. पॉर्नहबची मालक कंपनी आयलोने २०२३ मध्ये सरकारशी करार केला : १८ लाखांहून अधिक डॉलर, पीडितांना भरपाई, तीन वर्षं बाहेरचा निरीक्षक.

अमेरिकी कायद्यात निर्मात्याला वयाचे पुरावे जपावे लागतात. पण ती नोंद फक्त वय सिद्ध करते. मुलीला काय सांगून आणलं, हे त्यात कुठेच येत नाही. (बचाव पक्ष नेमका याच फायली पुढे करतो.)

एनराइट यांच्या निकालातली सर्वांत कामाची गोष्ट रकमेपेक्षा वेगळी आहे. चित्रफितींवरचे हक्क त्या तरुणींकडे आले. एरवी हटवण्याची विनंती करत फिरावं लागतं. हक्क हाती असले की प्रताधिकाराची (कॉपीराइटची) नोटीस बजावता येते आणि तिच्याकडे कानाडोळा करणं संकेतस्थळाला महाग पडतं. तरी प्रती पुन्हा चढतात आणि दर वेळी नवी नोटीस काढावी लागते. म्हणून संकेतस्थळाचं नाव, प्रसारणाची ठिकाणं आणि माघारीची मुदत करारात नसेल, आणि त्याची प्रत तिच्या हाती आधीच पडलेली नसेल, तर चित्रफीत चढवूनच घेऊ नये, असं बंधन थेट दाखवणाऱ्यांवर हवं.

— एक वाचक